एल.चं घर कुठे आहे?

पायल कपाडिया यांच्या ‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’ या चित्रपटाबद्दल लिहायचं मी बरेच दिवस टाळत होते. पहिल्यांदा पाहिला तेव्हा तो आवडला होता, पण त्या आवडण्यावर माझाच विश्वास नव्हता. चित्रपट पुण्यातल्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या वसतिगृहातून सुरू होतो, आणि माझी कॉलेजची वर्षं पुण्यात, त्याच लॉ कॉलेज रस्त्यावरून सायकल मारत गेली. ओळखीची झाडं, ओळखीचा रस्ता पडद्यावर आला की समीक्षक बाजूला राहतो आणि आठवणी काढणारा माणूस पुढे येतो. म्हणून थांबले.

दुसऱ्यांदा तो पाहिला हैदराबादमध्ये, जिथे मी आता राहते. वीस-बावीस जण होतो. शेवटचा काळा पडदा आल्यावर बराच वेळ कुणी बोललं नाही. मग एम.ए. करणारी एक तेलुगू मुलगी मला म्हणाली, ‘‘मॅडम, लडके का घर तो समझ में आया. लडकी का घर कहाँ है?’’ मला उत्तर देता आलं नाही. हा लेख त्या प्रश्नाचं उशिरा दिलेलं, आणि अर्धवटच, उत्तर आहे.

ज्यांनी चित्रपट पाहिलेला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. वसतिगृहाच्या एका खोलीतल्या कपाटात एक पेटी सापडते. तिच्यात वर्तमानपत्रांची कात्रणं, सुकलेली फुलं आणि काही पत्रं. पत्रांखाली सही एकाच अक्षराची : एल. ती सिनेमा शिकणारी विद्यार्थिनी. तिचं के. नावाच्या सहविद्यार्थ्यावर प्रेम आहे. के.च्या घरच्यांना हे कळतं, आणि एल. जातीच्या उतरंडीत त्यांच्याहून खालची असल्यामुळे ते त्याला घरातच अडकवून ठेवतात. तो संस्थेत परतत नाही. ती लिहीत राहते. पत्रं वसतिगृहाच्या कपाटातच सापडली यावरून ती त्याच्यापर्यंत पोचली नसावीत, हे आपण समजून घ्यायचं.

ही पत्रं भूमिसुता दास यांच्या आवाजात, हिंदीत आणि अधूनमधून बंगालीत, ऐकू येतात. एल.चा चेहरा आपल्याला कधीच दाखवला जात नाही. दिसतं ते दुसरंच काही : रात्री नाचणारी मुलं, वसतिगृहातल्या खोल्या, जागरणं, मोर्चे, कुणाच्या तरी घरातल्या जुन्या समारंभांच्या फिती. बहुतेक सगळं कृष्णधवल आणि खरखरीत. रणबीर दास यांनी छायाचित्रण केलं आणि संकलनही. पडद्यावर माणसं बोलताना दिसतात तेव्हा अनेकदा त्यांचा आवाज येत नाही, आणि आवाज येतो तेव्हा बोलणारा समोर नसतो. २०२१मध्ये कान महोत्सवात या चित्रपटाला सर्वोत्तम माहितीपटाचं पारितोषिक मिळालं. आता गंमत पाहा : माहितीपट म्हणून गौरवलेल्या या चित्रपटातली नायिका कल्पित आहे. पत्रं कपाडिया आणि हिमांशु प्रजापती यांनी लिहिलेली आहेत.

माझा पहिला आक्षेप इथेच होता.

कारण एल.भोवती जे घडतं ते कल्पित नाही. १२ जून २०१५ला पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधल्या विद्यार्थ्यांनी संप सुरू केला. संस्थेच्या अध्यक्षपदी गजेंद्र चौहान यांची नेमणूक झाली होती आणि त्या पदाला लागणारी चित्रपटक्षेत्रातली योग्यता त्यांच्याकडे नाही, असं विद्यार्थ्यांचं म्हणणं होतं. संप १३९ दिवस चालला. ऑगस्टमध्ये मध्यरात्री पोलीस आवारात आले आणि त्यांनी पाच विद्यार्थ्यांना अटक केली. पुढच्या वर्षी १७ जानेवारीला हैदराबाद विद्यापीठातला संशोधक विद्यार्थी रोहित वेमुला याचा मृत्यू झाला आणि देशभरच्या विद्यापीठांत आंदोलनं पेटली. मग दिल्लीतलं जवाहरलाल नेहरू विद्यापीठ. मग १५ डिसेंबर २०१९ला जामिया मिलियाच्या ग्रंथालयात शिरलेले पोलीस. ग्रंथालयातल्या कॅमेऱ्याने टिपलेली ती आवाज नसलेली दृश्यं चित्रपटात आहेत. पुस्तकं उघडी ठेवून बसलेली मुलं, आणि त्यांच्यावर पडणाऱ्या काठ्या.

या सगळ्याच्या मधोमध एक रचलेली प्रेमकथा कशाला? त्या काळात या देशात सर्वाधिक वाचलं गेलेलं पत्र खरं होतं. ते रोहितने मागे ठेवलं होतं. त्याला लेखक व्हायचं होतं, विज्ञानाबद्दल लिहायचं होतं, आणि लोकांच्या हाती पडलेलं त्याचं लिखाण म्हणजे ते एक पत्र. ज्या शहरात हे घडलं तिथे बसून मी चित्रपट पाहत होते. रोहितसाठी निघालेले मोर्चे पडद्यावर आले तेव्हा खोलीतली शांतता बदलली. शेजारच्या खुर्चीवरच्या माणसाने मांडीवरचे हात उचलून घडी घातली, एवढंच मला दिसलं. अशा प्रेक्षकांसमोर एका रचलेल्या मुलीची रचलेली पत्रं वाचून दाखवणं मला पहिल्यांदा पाहताना जड गेलं होतं.

या आक्षेपाशी झगडताना मला मोना हातूम यांची ‘मेझर्स ऑफ डिस्टन्स’ ही १९८८मधली व्हिडिओकृती आठवली. जेमतेम पंधरा मिनिटांची आहे. हातूम यांचा जन्म बैरूतचा, आईवडील हैफातून विस्थापित झालेले पॅलेस्टिनी. १९७५मध्ये त्या लंडनला गेलेल्या असताना लेबनॉनमध्ये यादवी पेटली आणि परतीची वाट बंद झाली. १९८१मध्ये थोड्या दिवसांसाठी त्या बैरूतला गेल्या, तेव्हा त्यांनी अंघोळ करणाऱ्या आईची छायाचित्रं घेतली, तिच्याशी मारलेल्या गप्पा ध्वनिमुद्रित केल्या. पुढे आईची लंडनला पत्रं येत राहिली. व्हिडिओत आईच्या देहाच्या अस्पष्ट प्रतिमांवर तिच्या अरबी हस्ताक्षराच्या ओळी पसरलेल्या आहेत. कधी त्या पडद्यासारख्या वाटतात, कधी काटेरी तारेसारख्या. मागे मायलेकींच्या अरबी गप्पा आणि हसणं ऐकू येतं, आणि त्यावर हातूम स्वतः संथ, उदास आवाजात आईच्या पत्रांचा इंग्रजी अनुवाद वाचतात.

आई मोकळेपणाने लिहिते. शरीराबद्दल, नवऱ्याबद्दल, आणि मुलीने आपले असे फोटो काढले म्हणून नवरा कसा चिडला याबद्दल : जणू त्याच्या मालकीचं काही तिने परस्पर मुलीला देऊन टाकलं. हे वाचताना मध्येच युद्ध येतं. शेवटच्या पत्रात कळतं की जवळचं टपाल कार्यालय मोटारीतल्या बॉम्बस्फोटात उद्ध्वस्त झालं. त्यानंतर पत्रं येण्याचा मार्ग उरत नाही.

या दोन कृती शेजारी ठेवल्या की एक गोष्ट ध्यानात येते. हातूम यांच्याकडे पत्रं खरी आहेत, आणि झाकलेली आहे ती प्रतिमा. कपाडियांकडे प्रतिमा खऱ्या आहेत, आणि पत्रं कल्पित. दोघींनीही एक बाजू प्रेक्षकाच्या हाती पूर्ण दिलेली नाही. हातूम आईचं शरीर तिच्याच अक्षरांनी झाकतात, कारण ते सगळ्या जगाने निवांत पाहावं असं नाही. कपाडिया एल.ला चेहरा देत नाहीत, आडनाव देत नाहीत. आपल्याकडे नाव सांगितलं की पुढचा प्रश्न आडनावाचा येतो, आणि आडनाव कळलं की बहुतेकांना बाकीचं सगळं कळल्यासारखं वाटतं. एका अक्षराच्या सहीने तो प्रश्न दारातच अडवला आहे. शिवाय ज्या काळात विद्यार्थ्यांवर खटले भरले जात होते त्या काळात खऱ्या मुलीची खरी पत्रं चित्रपटात वापरणं म्हणजे तिला उघड्यावर आणणं झालं असतं. कल्पित एल.च्या मागे अनेक जणी उभ्या राहू शकतात. कपाडिया स्वतः त्या संपात होत्या. मग त्यांनी ‘मी’ म्हणून सरळ आपलीच हकीकत का सांगितली नाही? मला वाटतं, त्यांच्यावर जातीच्या कारणाने दार बंद झालेलं नाही, आणि बंद झालेल्या दाराबाहेरून पाहणारी व्यक्ती चित्रपटाला हवी होती.

हे पटल्यावर मी पत्रं पुन्हा ऐकली, आणि या वेळी त्यांतली सर्वनामं ऐकली. सुरुवातीच्या पत्रांत ‘तू’ आणि ‘मी’ यांच्याशिवाय फारसं कुणी नाही. तुझी आठवण येते, तू कधी येशील, इथे रात्री अशा असतात. हळूहळू ‘आम्ही’ येतं. आम्ही जागलो, आम्ही बसून राहिलो, आम्हाला भीती वाटली. के. तिथे नसल्यामुळे त्याला सगळं सांगावं लागतं, आणि सांगता सांगता तिला स्वतःला कळत जातं. प्रेमपत्राचा बातमीपत्राकडे प्रवास होतो, पण प्रेम सुटत नाही. ते दुखऱ्या दातासारखं मध्येच ठणकतं.

आणि मग तिला एक गोष्ट दिसते, जी मला या चित्रपटाचा कणा वाटते. के. हा समतेवर बोलणारा मुलगा. घोषणांमध्ये, चर्चांमध्ये पुढे असणारा. त्याच्याच घरात जेव्हा जात उभी राहते तेव्हा तो काय करतो? चित्रपट त्याच्यावर आरोपपत्र दाखल करत नाही. घरात अडकवलेल्या मुलाची असहायताही खरी आहे. पण एल.च्या स्वरात शंका शिरते. फाटकाबाहेरच्या सत्तेशी लढणं आणि जेवणाच्या टेबलावर आईवडिलांसमोर ‘नाही’ म्हणणं, यांत अवघड काय? आमच्या पिढीतल्या किती पुरुषांनी पहिलं केलं आणि दुसऱ्या वेळी मान खाली घातली, हे मोजायला बसले तर माझ्या ओळखीच्यांतलीच नावं पुरतील. मोर्चात शेजारी चालणाऱ्या मुलाने लग्नाच्या वेळी ‘घरचे ऐकत नाहीत गं’ म्हणून काढता पाय घेतल्याचं मी जवळून पाहिलं आहे. ती मैत्रीण पुढे कधी कुठल्या मोर्चात आली नाही. तिचं राजकारण संपलं असं आम्ही तेव्हा म्हणालो. खरं तर आमच्या राजकारणाचा तिला आलेला अनुभव आम्हाला ऐकून घ्यायचा नव्हता.

म्हणून ‘व्यक्तिगत कथा मागे पडते आणि राजकीय कथा पुढे येते’ असं जे या चित्रपटाबद्दल बोललं जातं, ते मला पटत नाही. दोन्हीकडे जात एकच आहे. विद्यापीठात कुणाला जागा, घरात कुणाला जागा, हा एकच प्रश्न पत्रांत एकदा प्रेयसीच्या तोंडून आणि एकदा विद्यार्थिनीच्या तोंडून विचारला गेला आहे. कमी शुल्कात शिकवणाऱ्या सरकारी संस्था टिकाव्यात म्हणून ओरडणारी मुलं हेच म्हणत असतात की, जिथे एल. आणि के. एका बाकावर बसू शकतात अशी जागा शिल्लक राहू द्या. ती जागा गेली तर त्यांची भेट व्हायचंही कारण नाही.

एका पत्रात एल. बंदोबस्ताला उभ्या असलेल्या महिला पोलिसांकडे पाहते. या घरी गेल्यावर काय करत असतील, असा विचार तिच्या मनात येतो, आणि तिला पासोलिनी आठवतो. १९६८मध्ये रोममध्ये विद्यार्थी आणि पोलीस भिडले तेव्हा पासोलिनीने पोलिसांमध्ये गरिबांची मुलं पाहिली होती आणि त्यासाठी डाव्यांचा रोष ओढवून घेतला होता. एल.ची नजर मात्र पासोलिनीच्या नजरेहून वेगळी आहे. तिचा रोख वर्गाइतकाच संध्याकाळच्या स्वयंपाकावर आहे. ड्यूटी संपवून, गणवेश उतरवून, ओट्याशी उभी राहणारी बाई तिला दिसते. चित्रपटभर घरांबद्दल मिळणाऱ्या मोजक्या खुणांपैकी ही एक. आणि हे घर परक्या बाईचं, तेही कल्पनेतलं.

इथे मला त्याच आवारातली दुसरी एक बाई आठवते. फिल्म इन्स्टिट्यूट १९६०मध्ये सुरू झाली ती प्रभात फिल्म कंपनीच्या जुन्या स्टुडिओत. १९३७च्या ‘कुंकू’मध्ये म्हाताऱ्या नवऱ्याचं लग्न नाकारणारी नीरा जिने उभी केली, त्या शांता आपटे यांनी १९३९मध्ये कंपनीशी करारावरून वाद झाला तेव्हा याच स्टुडिओच्या फाटकाशी उपोषण केलं होतं. पुढच्याच वर्षी ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक त्यांनी लिहिलं. पडद्यावरचं बंड गाजलं. फाटकाशी केलेलं बंड गमतीदार किस्सा म्हणून उरलं. ७६ वर्षांनी त्याच आवारात विद्यार्थी उपोषणाला बसले तेव्हा शांताबाईंची आठवण किती जणांना झाली असेल? चित्रपटात आंदोलक विद्यार्थी आयझेनस्टाइन आणि पुदोवकिन यांच्या नावाने घोषणा देतात. ती ऐकून मला हसू आलं, अभिमानही वाटला, आणि थोडं वाईटही वाटलं. रशियातले गुरू घोषणेत आले. त्याच मातीत बसलेली बाई आली नाही. यात विद्यार्थ्यांचा दोष नाही; तो किस्सा इतिहास म्हणून जपण्याचं काम आम्हा मराठी लिहिणाऱ्यांचं होतं.

आता त्या मुलीच्या प्रश्नाकडे. लडकी का घर कहाँ है?

के.चं घर आपल्याला दिसत नाही, तरी ते कळतं. त्याला दार आहे, कडी आहे, रागावलेले आईवडील आहेत, गमावण्यासारखी प्रतिष्ठा आहे. एल.चं घर तसं उभं राहत नाही. तिची जात आपल्याला कळते ती के.च्या घरच्यांच्या नकारातून, म्हणजे नाकारणाऱ्याच्या बाजूने. तिच्या बाजूने ती जात म्हणजे काय? तिच्या घरी काय शिजतं, कुणी काय काम केलं, तिला इथवर कुणी पोचवलं, मुलगी सिनेमा शिकते म्हणून शेजारीपाजारी काय बोलले?

मराठीत वाचणाऱ्याला ही उणीव जास्त टोचेल, कारण आपल्याकडे याची उत्तरं बायकांनीच लिहून ठेवली आहेत. उर्मिला पवारांच्या ‘आयदान’मध्ये बांबूच्या कामट्या विणणारी आई आहे. लेखिकेचं लिहिणं आणि आईचं विणणं एकाच नावाखाली येतं. बेबीताई कांबळे यांच्या ‘जिणं आमुचं’मध्ये घराची भूक आणि वस्तीची चळवळ वेगळी काढता येत नाही. उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी ‘आम्हीही इतिहास घडवला’मध्ये आंबेडकरी चळवळीतल्या बायकांना जाऊन गाठलं आणि बोलतं केलं. या लेखनात जात म्हणजे कुणी केलेला नकार एवढंच नसतं. तिच्यात माणसं असतात, हात असतात, विनोद असतो, मायलेकींची भांडणं असतात. हातूम यांच्या पंधरा मिनिटांतही आईचं हसणं ऐकू येतं, म्हणून ती केवळ युद्धात सापडलेली बाई राहत नाही.

एल.ला हे मिळालेलं नाही. कपाडियांनी तिला नाव न देऊन वाचवलं हे मी वर म्हटलं, आणि त्यावर कायम आहे. पण त्याच वेळी तिला घर न देऊन थोडं एकटंही केलं आहे. तिला आवारातले मित्र आहेत, पासोलिनी आहे, के.ची आठवण आहे. मागे वळून पाहावं असा उंबरा नाही. असा उंबरा रचायला, मला वाटतं, तो ओलांडून आलेलं कुणीतरी लागतं. एल.ने स्वतः कॅमेरा हातात घेतला असता तर तिने पहिला शॉट कुठे लावला असता? वसतिगृहात की घरी?

त्या रात्री हैदराबादमध्ये मी त्या मुलीला हे काहीच म्हणाले नाही. मी विचारलं, ‘‘तुझं घर कुठे?’’ तिने जिल्ह्याचं नाव सांगितलं, मग गावाचं. मग म्हणाली की आपण इथे सिनेमे बघतो हे घरी माहीत नाही, अभ्यासिकेत असते असं सांगितलं आहे. शेवटची बस साडेदहाची होती. बॅगेतून वही काढून तिने चित्रपटाचं नाव माझ्याकडून इंग्रजीत लिहून घेतलं आणि खाली तेलुगूत दोन ओळी स्वतः लिहिल्या. मला तेलुगू बोलता येतं, वाचता अजून येत नाही. काय लिहिलंस, असं मी विचारलं नाही.